कोंडगडावरचा कुकर

शैले,

काल आपला सिनेमा लोकांना दाखवला. ‘आपला’ म्हणतेय. तू असतीस तर चष्मा कपाळावर सरकवून लगेच म्हणाली असतीस, "आपला कधीपासून झाला? पोस्टरवर तर तुझंच नाव मोठं आहे." असो. आता तुला उलट बोलता येत नाही, तेवढ्यात मी बोलून घेते.

तुला जाऊन अजून महिनाही झालेला नाही. लोक भेटायला येतात आणि तुझ्याबद्दल इतकं चांगलं बोलतात की मला शंका येते, ही मंडळी नक्की कुणाबद्दल बोलताहेत? परवा एक बाई म्हणाल्या, "शैलाताई किती शांत होत्या हो!" मी चहाचा घोट गिळला. शांत! दिग्दर्शक मी आणि संकलक तू. मी शूटिंग करून आणायचं आणि तू ते कापायचं, असा आपला इतक्या वर्षांचा संसार. त्यात शांतता कुठून असणार? उलट तू गप्प झालीस की मी ओळखायची, माझा एखादा लाडका शॉट जाणार.

शोकसभेत मी बोलले नाही. सगळ्यांना वाटलं, फार दुःख झालंय. झालंच आहे. पण खरं कारण वेगळं होतं. माझ्याकडे जे बोलायचं शिल्लक होतं ते अर्ध्यावर राहिलेलं भांडण होतं, आणि ते चारचौघांत कसं बोलणार?

तुला आठवतं, ‘कोंडगडचा वेढा’ केला तेव्हा आपण दोघी पस्तिशीच्या आसपास होतो. अंगात मस्ती होती. ऐतिहासिक सिनेमा, तोही बाईनं केलेला, म्हणून पुण्याच्या पेठांमधले सगळे जाणकार आधीच भुवया उंचावून बसले होते. गोष्ट साधी होती. एका लहानशा गडाला बादशाही फौजेचा वेढा पडतो. गडावर धान्य आहे, पण टाक्यातलं पाणी रोज खाली जातंय. शेवटी किल्लेदार माणसं वाचवायची म्हणून दरवाजा उघडतो आणि गड सोडतो. मला लढाईपेक्षा त्या खाली जाणाऱ्या पाण्याचा सिनेमा करायचा होता. टाक्याच्या पायऱ्या एकेक करून उघड्या पडतात, बायकांच्या फेऱ्या लांबतात, पोरं ओठ चाटतात. तू तसाच तो कापलास. आपल्या निर्मात्यांनी तो पाहिला, बराच वेळ कान खाजवला आणि म्हणाले, "ताई, सगळं छान आहे. तलवारी जरा कमी पडतात."

मग त्यांनी सिनेमा आपल्या हातातून काढून घेतला आणि दुसऱ्याकडून कापून घेतला. बायका गेल्या. पाणी गेलं. राहिला तो नुसता खणखणाट.

त्यातलं मला सगळ्यात लागलं ते किल्लेदाराचं हसू. टाक्यातलं शेवटचं तांब्याभर पाणी तो एका लहान मुलीला पिऊ देतो आणि ती घटाघटा पिताना तिच्याकडे बघून दमलेलं हसतो. त्यांनी मुलगी काढली, तांब्या काढला आणि तेच हसू शत्रूचा तंबू पेटतो त्या शॉटच्या पुढे चिकटवलं. झालं! थिएटरात शिट्ट्या. आपल्या नटाला त्या हसण्याबद्दल बक्षीस मिळालं. पुढे मुलाखतींमध्ये तोसुद्धा सांगायला लागला की तंबू जळताना त्याच्या मनात काय काय दाटून आलं होतं. शेवटही बदलला. आपल्या सिनेमात तो माणूस दरवाजा उघडून मान खाली घालून बाहेर पडतो. त्यांच्या सिनेमात दरवाजा उघडतो आणि आधीच्या चकमकीतला घोडेस्वारीचा शॉट येतो. एक नवा शॉट घ्यावा लागला नाही. शरण गेलेला माणूस त्यांनी नुसत्या कात्रीनं हुतात्मा करून टाकला.

आणि सिनेमा चालला, हे त्याहून वाईट. त्यानंतर कुठल्याही लग्नात गेलं की कुणीतरी गाठायचंच, "कोंडगडवाल्या तुम्हीच ना? काय ती घोडदौड!" माझा चेहरा बघून तू कोपरानं ढोसायचीस, "थँक यू म्हण आणि जिलबी घे."

गेल्या वर्षी नेहाचा फोन आला तेव्हा मी तिला ओळखलंच नाही. निर्मात्यांची मुलगी. आपण तिला शेवटची पाहिली तेव्हा ती सेटवर गुळगुळीत दगड गोळा करत फिरत होती. आता खराडीत कुठल्याशा कंपनीत मोठ्या हुद्द्यावर आहे. म्हणाली, "मावशी, बाबा गेल्यावर धायरीचं गोडाऊन क्लिअर करतेय. तिथे तुमच्या फिल्मचे डबे आहेत. लेबल्स वगैरे एकदम प्रॉपर. तुमच्या मनासारखा डिरेक्टर्स कट करायचा का? हल्ली सगळे करतात."

लेबलं तुझ्या अक्षरातली होती. तू आयुष्यात भाजीची यादी नीट लिहिली नाहीस, पण डब्यांवरचं अक्षर असं की शाळेत फळ्यावर लावावं. फिल्म खराब व्हायला लागली की तिला व्हिनेगरचा वास येतो. तू गोडाऊनमध्ये स्टुलावर बसून एकेक डबा उघडून नाकाशी धरत होतीस. "ही जिवंत आहे. हीपण. ही गेली गं." गेलेल्या डब्यांवर तू झाकण किती हळू ठेवायचीस, ते मी बघत होते. वयाच्या मानानं बरेच डबे वाचले होते. नेहानं ते मुंबईला पाठवून संगणकावर उतरवून आणले, आणि आपण बुधवार पेठेत हार्ड डिस्क घ्यायला गेलो. दुकानदारानं आपल्या पांढऱ्या केसांकडे बघून विचारलं, "एवढी जागा काय करायची आजी? नातवंडांचे फोटो का?" तू म्हणालीस, "नाही. एक किल्ला ठेवायचाय." त्यानं न हसता विचारलं, "पिशवी देऊ का?"

ते तुझ्या मागच्या खोलीतले महिने, शैले. कितीदा मनात येतं, त्या महिन्यांबद्दल तुला कधी काही म्हणायला हवं होतं. सकाळी दहाला मी यायची, तू आल्याचा चहा ठेवलेला असायचा, आणि साडेदहाला भांडणाला सुरुवात. या वयात एवढं सुख कुणाला मिळतं?

पहिलं भांडण घोड्यांवरून. मला सगळं परत हवं होतं. जे जे कापलं गेलं ते ते सगळं. त्यात पहाटेच्या धुक्यातली ती दुसरी, लांबलचक घोडदौडही होती, जिच्यासाठी मी आख्ख्या युनिटला थंडीत कुडकुडत बसवलं होतं. तू ऐकून घेतलंस आणि विचारलंस, "सुमे, तुला सिनेमा दुरुस्त करायचाय की त्यांच्यावर उट्टं काढायचंय?"

"दोन्ही," मी म्हणाले.

"मग उट्टं तू घरी काढ. इथं मी बसलेय."

घोडे गेले. इतकंच नाही, निर्मात्यांनी ठेवलेल्या दोन चकमकी तू ठेवल्यास आणि माझ्या मूळ कटमधली एक काढलीस. मी तणतणत गच्चीत जाऊन आले. परत आले तर तू ते हसू त्याच्या जागी नेऊन ठेवलं होतंस. तांब्या, मुलगी, हसू. मग तू सिनेमा मागे नेऊन तिथून पुढे चालवून दाखवलास, आणि मला दिसलं की त्या एका हसण्यामुळे किल्लेदाराचं पुढचं सगळं वागणंच बदलतं. आधी वाटायचं हा चिडलाय. आता कळतं, हा घाबरलाय, आणि स्वतःसाठी नाही. नट तोच, कपडे तेच, संवादसुद्धा तेच. इतकी वर्षं ज्याला लोक शूर म्हणत होते तो आता शहाणा दिसायला लागला. तू म्हणालीस, "रडायचं असेल तर लांब जाऊन रड, कीबोर्डवर पाणी पडतं."

आणि तुझी ती मेथी! बाहेर कुणाला सांगितलं तर खोटं वाटेल. एखादा प्रसंग जमलाय की नाही हे ठरवायचं असलं की तू आवाज बंद करून तो लावायचीस आणि समोर मेथीची जुडी घेऊन बसायचीस. चित्र चालू, हात चालू. हात चालत राहिले तर प्रसंग काढून टाकायचा, हात थांबले तर ठेवायचा. मी किती चिडायची. जगभरचे लोक संकलनावर जाडजूड पुस्तकं लिहितात आणि माझ्या सिनेमाचं भवितव्य मेथीच्या जुडीवर! तुझ्या घरी त्या काळात मेथीशिवाय दुसरी भाजी झाली नसेल.

धायरीच्या हौसाबाईच्या शॉटला मेथीची काडी तुझ्या हातातच राहिली. तिथून आपलं खरं भांडण सुरू झालं.

गडाचा दरवाजा आपण धायरीच्या माळावर उभा केला होता. तेव्हा धायरी गाव होतं. आज त्या माळावर एका किल्ल्याचं नाव दिलेली सोसायटी आहे आणि तिच्या दरवाज्यावर सुरक्षारक्षक नाव लिहून घेतो. शेवटच्या प्रसंगात गडावरची माणसं आपापला संसार उचलून बाहेर पडतात. त्यासाठी गावातलेच लोक घेतले होते. आदल्या संध्याकाळी मी कर्ण्यावरून सांगितलं, "गड कायमचा सोडायचाय असं समजा. घरातनं जे न्याल ते उद्या हातात हवं." मला म्हणायचं होतं सेटवरच्या झोपड्यांतलं. मडकी, पाट्या, जाती, सगळं कलाविभागानं तिथं मांडून ठेवलं होतं. पण कुणी कधी त्यांना असा प्रश्न विचारलाच नव्हता बहुतेक. मंडळींनी तो मनावर घेतला. रात्रभर घरोघरी विचार झाला असणार. सकाळी कॅमेरा सुरू झाला, दरवाजा करकरत उघडला, आणि लोक आपापल्या खऱ्या घरातली खरी वस्तू घेऊन बाहेर आले. एकाच्या छातीशी लग्नाचा फोटो, काचेच्या चौकटीत. एकाच्या खांद्याला ट्रान्झिस्टर. एकीच्या कडेवर शेळीचं करडू, ते एक तेवढं चाललं असतं. आणि सगळ्यांच्या मागून हौसाबाई, नऊवारीचा पदर पोटाशी घट्ट धरून. दरवाज्याच्या उजेडात आली आणि पदर सुटला. आत ॲल्युमिनियमचा प्रेशर कुकर.

मी ओरडले, "कट! कट! अगं बाई, कुकर काय आणलास?"

कॅमेरामन कॅमेरा बंद करायला विसरला. हौसाबाई थांबली. माझ्याकडे, म्हणजे थेट कॅमेऱ्याकडे बघून तिनं विचारलं, "मग काय घिऊ?"

सगळं युनिट हसलं. मीपण हसले असेन. मग आपण मडकी देऊन तोच शॉट पुन्हा घेतला. सगळे नीट चालले, नीट वाकले, आणि एकाच्याही चेहऱ्यावर काही नव्हतं.

तू म्हणालीस, सिनेमा पहिल्या टेकवर संपवायचा. कुकरासकट. माझ्या ओरडण्यासकट. शेवटची ओळ हौसाबाईची, मग काळोख.

मला वाटलं गंमत करतेस. शूटिंगच्या वेळचा तो आवाज नुसता अंदाजासाठी असतो, डबिंग झालं की टाकून द्यायचा असतो. त्यात जनरेटरची घरघर, कुणाचं तरी खोकणं. आणि सतराव्या शतकात कुकर? पुण्यात? "शैले, इथे लोक पगडीच्या एका घडीवरून पेपरात पत्रं लिहितात. मला शहर सोडून जावं लागेल."

"जाताना काय नेशील?" तू विचारलंस.

मला तेव्हा तुझा इतका राग आला होता!

नेहानं तोडगा काढला. "मावशी, चिल. आमच्या टीममधला एक जण करून देईल. कुकर रिमूव्ह, तिथे पितळी हंडी. फोटोफ्रेम, ट्रान्झिस्टर, सगळं क्लीन." दोन दिवसांत करूनही आणलं. हंडी अशी चकचकीत की खरी वाटावी. मी खूश. तू शॉट दोनदा पाहिलास आणि नेहाला म्हणालीस, "छान झालंय. आता हौसाबाईलाही पुसून टाक." ती पोरगी बिचारी माझ्याकडे बघायला लागली.

त्यावरून आपण किती दिवस भांडलो! तू म्हणायचीस, "दोन तास आपण दाखवतोय की वरचे लोक ठरवतात आणि खालचे उचलून चालायला लागतात. बादशहा ठरवतो, किल्लेदार ठरवतो. आणि शेवटी पडद्याबाहेरून कोण हुकूम सोडतंय? तूच की! मग ते का लपवायचं?" मी म्हणायची, दिग्दर्शकाचा आवाज सिनेमात येणं म्हणजे स्वयंपाक्यानं ताटात बोट बुडवणं. तू म्हणायचीस, "तुझा डिरेक्टर्स कट आहे ना? मग डिरेक्टर ऐकू येऊ दे." मी म्हणायची, ते माझं ओरडणं आहे, शैले, माझं ते रूप जगाला कशाला? त्यावर तू पहिल्यांदा सौम्य बोललीस. म्हणालीस, "ओरडलीस म्हणून तर तिनं विचारलं."

शेवटचा फोन शनिवारी झाला. "ठेवतेस ना?" तू विचारलंस. मी म्हटलं, "सोमवारी बघू." तू म्हणालीस, "बघ बाई. सिनेमा तुझा आहे." आणि फोन ठेवताना हसलीस. रविवारी तू गेलीस. मी चिडले, खरंच सांगते, आधी रडू आलंच नाही, चिडले. हा काय प्रकार? भांडण अर्ध्यावर टाकून जायचं, आणि वर ‘सिनेमा तुझा आहे’ म्हणून!

थिएटरला प्रत पाठवायच्या दिवशी नेहा माझ्या शेजारी बसली होती. दोन्ही शेवट तयार होते. एकात हंडी, शांत संगीत आणि माझं ओरडणं काढून नुसती हौसाबाईची ओळ, एकात कुकर आणि मी. नेहा म्हणाली, "मावशी, सेफ वाला पाठवू ना?" मी म्हटलं, एकदा लाव. हंडी घेतलेली हौसाबाई दरवाज्यात आली, थांबली आणि तिनं विचारलं, "मग काय घिऊ?" आणि मला कळलं की हे कुठल्या प्रश्नाला उत्तर आहे तेच आता कुणाला कळणार नाही. तिच्या हातात आता काहीच चुकीचं नव्हतं. तिला कुणी अडवलंच नव्हतं. मग ती विचारतेय कशासाठी? बाईच्या तोंडचा एकुलता एक खरा शब्द आम्ही हंडीखाली झाकून टाकला होता. दोन तास ज्या पाण्यासाठी, ज्या माणसांसाठी सगळी मांडणी केली, ती सगळी येऊन त्या प्रश्नापाशी थांबत होती, आणि प्रश्नच अधांतरी लटकत होता. मी नेहाला म्हटलं, "दुसरा पाठव." तिनं दोनदा विचारलं. मी दोनदा तेच सांगितलं. माझा आवाज कापत होता, तो तुझ्या आठवणीनं की पुणेकरांच्या भीतीनं, ते मलाही ठाऊक नाही.

तर काल.

आधी तक्रारीचं सांगते, तुला तेच आधी ऐकायला आवडतं. खेळ सुटल्यावर जिन्यात एक गृहस्थ थांबले होते. इस्त्रीचा शर्ट, खिशाला दोन पेनं. म्हणाले, "अहो बाई, सतराव्या शतकात प्रेशर कुकर नव्हता."

"माहीत आहे," मी म्हणाले.

"माहीत असेलच. तरी सांगून ठेवलं." ते दोन पायऱ्या उतरले आणि परत वर आले. "आमची जुनी जागा पाडली तेव्हा आईनं शिलाई मशिन सोडलं नव्हतं. रिक्षात मांडीवर घेऊन बसली होती. आम्ही सगळे तिच्यावर ओरडत होतो." ते पुढे काही बोलतील म्हणून मी थांबले. ते म्हणाले, "कुकर मात्र चुकीचाच आहे," आणि निघून गेले.

पेपरात पत्र येईलच. येऊ दे. कापून तुझ्या डब्यांपाशी ठेवीन.

पण मला सांगायचं होतं ते त्याच्या आधीचं. सिनेमा संपत आला होता. दरवाजा उघडला. फोटोची चौकट गेली, ट्रान्झिस्टर गेला, आणि थिएटरात कुठेतरी कुणीतरी खुसकन हसलं. मग माझा तो तरणाताठा, कर्कश आवाज आला, "कट! कट!" आणि हसणं जागच्या जागी थांबलं. एवढ्या मोठ्या पडद्यावर हौसाबाई सगळ्यांकडे बघत उभी राहिली. मग काय घिऊ? काळोख झाला. कुणी टाळी वाजवली नाही. खुर्च्या वाजल्या नाहीत. त्या काळोखात, शैले, मला इतकं हलकं वाटलं की वर्षानुवर्षांच्या सवयीनं मी उजवीकडे वळले आणि हळूच म्हणाले, "ठेवलं गं."

दिवे लागले. तिथे नेहा बसली होती.